तितर-लाव्यांची शिकार आणि शेतकऱ्याचा बांध

गेल्या कांहीं महिन्यांत आमच्या सभासदांकडून एकाच विषयावर बरींच पत्रें आलीं आहेत. रानडुकरें भुईमूग उकरतात, मोर पेरलेलें बियाणें वेंचतात, मग पूर्वींप्रमाणें शिकारीचे परवाने पुन्हां कां सुरू करूं नयेत? निदान तितर, लावे, पखुर्ड्या यांसारख्या माळरानाच्या पांखरांची तरी ठराविक मोसमांत व ठराविक संख्येनें शिकार करण्यास कोणती हरकत आहे? असा त्या पत्रांचा मथितार्थ आहे. एका सभासदांनीं तर विचारलें आहे कीं, पांखरूं आमच्या दाण्यावर पोसतें, आमच्या बांधावर अंडीं घालतें, मग त्यावर आमचा कांहींच अधिकार कसा नाहीं? हा प्रश्न थट्टेवारी नेण्यासारखा नाहीं. तेव्हां त्याचा साधकबाधक विचार करून आमचें मत वाचकांपुढें मांडणें आम्ही आमचें कर्तव्य समजतों.

प्रथम कायद्याची हकीकत थोडक्यांत सांगितली पाहिजे, कारण या विषयांत आमच्या शेतकरी बांधवांचे समज फार जुने आहेत. या देशांत पांखरांच्या शिकारीवर सरकारचा हात प्रथम पडला तो १८८७ च्या कायद्यानें. विणीच्या हंगामांत ताजीं मारलेलीं पांखरें शहरांत व छावण्यांत बाळगणें अथवा विकणें यास त्या कायद्यानें मनाई करतां येत असे. रानांतल्या शिकाऱ्यास त्याची झळ फारशी लागली नाहीं. पुढें १९१२ चा कायदा आला. तितर, लावे, पखुर्ड्या, मोर, रानकोंबडे, माळढोक, तणमोर इत्यादि पांखरें त्याच्या यादींत घातलीं गेलीं, व त्यांच्यासाठीं बंदीचा काळ ठरविण्याचा अधिकार प्रांतिक सरकारास मिळाला. गुन्ह्यास पहिल्या खेपेस दंड होता पन्नास रुपयांपर्यंत. त्यांतही आपल्या मालमत्तेच्या रक्षणासाठीं सद्‌बुद्धीनें पांखरूं मारलें, तर तो गुन्हा नव्हे अशी सवलत होती. 'शेतांत शिरलेलें पांखरूं मारण्यास कोणाची परवानगी लागत नाहीं' हा जो समज आजही गांवोगांव ऐकूं येतो, त्याचें मूळ बहुधा या सवलतींत आहे.

ती सवलत आज राहिलेली नाहीं. १९५१ सालीं मुंबई राज्यानें वन्य पशुपक्ष्यांच्या रक्षणाचा स्वतंत्र कायदा केला, आणि १९७२ सालीं मध्यवर्ती सरकारचा वन्यजीव संरक्षण कायदा आला. या १९७२ च्या कायद्यांत प्रारंभीं परवान्याची पद्धत होती. मोठ्या शिकारीचा परवाना निराळा, लहान शिकारीचा निराळा. आपले तितर-लावे लहान शिकारींत मोडत. परवानेदारास बंदीच्या काळांत शिकार करण्यास मनाई असे. मारलेल्या प्राण्यांची नोंद ठेवून ती सादर करावी लागे. खाजगी जमिनींत शिकार करावयाची तर जमीनमालकाची किंवा कायदेशीर वहिवाटदाराची संमति लागत असे. १९९१ च्या दुरुस्तीनें ही सर्व कलमें काढून टाकलीं, आणि तेव्हांपासून या देशांत हौसेच्या शिकारीचा परवाना नाहीं. २०२२ च्या दुरुस्तीनें अनुसूचींची फेरमांडणी होऊन दंडही वाढला. आज सामान्य संरक्षित प्राण्याच्या शिकारीबद्दल तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही शिक्षा होऊं शकतात. मोर, माळढोक, तणमोर हे पहिल्या अनुसूचींतले. त्यांच्याबाबतींत कैद तीन वर्षांहून कमी नाहीं व ती सात वर्षांपर्यंत जाऊं शकते, शिवाय किमान पंचवीस हजार रुपये दंड.

येथें तीन गोष्टी आम्ही वाचकांच्या मनावर ठसवूं इच्छितों. पहिली ही कीं, बंदुकीचा परवाना म्हणजे शिकारीचा परवाना नव्हे. पिकाच्या रक्षणासाठीं ठासणीची बंदूक बाळगण्यास १९५९ च्या शस्त्र कायद्याखालीं परवाना मिळतो. परंतु त्या बंदुकीनें तितर पाडला तर वन्यजीव कायद्याच्या दृष्टीनें तो फाशांनीं धरलेल्या तितराइतकाच गुन्हा होय. दुसरी ही कीं, उभ्या पिकाची नासाडी होत असेल तर कायद्यानें शेतकऱ्यास वाट ठेवली आहे, परंतु ती अर्जाची व लेखी हुकुमाची वाट आहे. मुख्य वन्यजीव रक्षक किंवा त्यांनीं नेमलेला अधिकारी खात्री करून घेऊन कारणांसह लेखी परवानगी देऊं शकतो, आणि तीही पहिल्या अनुसूचींतल्या प्राण्यांबाबत पिकाच्या कारणासाठीं मिळत नाहीं. म्हणजे मोरानें कितीही हरभरा खाल्ला तरी त्यास मारण्याची परवानगी मागण्यांत अर्थ नाहीं. तिसरी गोष्ट फारच थोड्यांस ठाऊक असते. कायद्याच्या व्याख्येंत 'शिकार' म्हणजे केवळ मारणें नव्हे. धरणें, फांसे लावणें, हांकून आणणें, आमिष घालणें, इतकेंच काय, पांखराचीं अंडीं किंवा घरटें विस्कटणें हीसुद्धां शिकारच होय.

ही तिसरी गोष्ट आम्हांस स्वतःच्या चुकीनें शिकावी लागली, म्हणून ती लपवीत नाहीं. दोन वर्षांपूर्वीं भाद्रपदाच्या अखेरीस आमच्या बांधावरचें गवत कापणीस काढलें होतें. विळा चालतां चालतां एका गड्याच्या पायाशीं फडफड झाली व तितराची मादी उडाली. पाहतों तों गवताच्या मुळाशीं एक खळगा आणि त्यांत सात अंडीं. गड्यानें तीं मुंडाशाच्या पदरांत बांधून घरीं आणलीं व आम्हीं तीं खुडूक बसलेल्या कोंबडीखालीं ठेवविलीं. आपण मोठें भूतदयेचें कृत्य केलें असें त्या वेळीं वाटलें. सातांपैकीं चारांतून पिलें निघालीं आणि चारही आठ दिवसांच्या आंत मेलीं. आम्हीं त्यांस कण्या घातल्या होत्या. तितराचें पिलूं पहिले कांहीं दिवस मुख्यतः किड्यांवर, अळ्यांवर व वाळवीवर जगतें, हें आम्हांस मागाहून कळलें. गड्यास बोल लावण्याचें कारण नाहीं. गवत त्या वेळींच कापण्याचा हुकूम आमचा होता. बंदूक नाहीं, जाळें नाहीं, मारण्याची इच्छाही नाहीं, तरी एक अख्खी वीण आमच्या हातून नाहींशी झाली. त्या दिवसापासून या प्रश्नाकडे पाहण्याची आमची दृष्टि बदलली.

आतां परवान्याच्या बाजूनें जें बोललें जातें तें प्रामाणिकपणें मांडूं. इंग्लंडांत १८३१ च्या कायद्यानें तितराच्या जातीच्या पांखरांसाठीं मोसम बांधून दिला. तेथील राखी पार्ट्रिज १ सप्टेंबरपासून १ फेब्रुवारीपर्यंत मारतां येतो, एरव्हीं नाहीं. जमिनीवरील शिकारीचा हक्क हा तेथें मालमत्तेचाच एक भाग मानला जातो व त्यापासून जमीनमालकास उत्पन्न मिळतें. अमेरिकेंत प्रत्येक संस्थान आपला मोसम व एका शिकाऱ्यानें दिवसास किती पांखरें मारावीं याची मर्यादा ठरवितें. शिवाय १९३७ च्या एका कायद्यानें बंदुका व काडतुसें यांवरील कराचें उत्पन्न वन्य प्राण्यांच्या वाढीसाठीं संस्थानांस वांटून दिलें जातें. म्हणजे शिकारी स्वतःच शिकारीच्या पांखरांचा खर्च सोसतो. ज्यास पांखरापासून लाभ आहे तो पांखरास जपेल, असा हा युक्तिवाद आहे, व तो पोकळ आहे असें आम्ही म्हणत नाहीं.

तथापि ही व्यवस्था उचलून आपल्याकडे आणावी या मतास आम्ही अनुकूल नाहीं, व त्याचीं कारणें अशीं आहेत.

परवाना म्हणजे हिशोब. इतकीं पांखरें आहेत, इतकीं वाढतील, म्हणून इतकीं मारावीं, असा आधीं मेळ बसला पाहिजे. आपल्या तालुक्यांत तितर किती, लावे किती, याची गणती कोणीं केली आहे? गणतीवांचून दिलेला परवाना म्हणजे खातें न पाहतां फाडलेली हुंडी. आणि न मोजलेलें पांखरूं कसें नाहींसें होतें याचा दाखला आपल्याच देशांत आहे. हिमालयांतील एक लावा मसुरी व नैनिताल यांच्या आसपास शिकाऱ्यांस मिळत असे. १८७६ नंतर त्याची खात्रीची नोंद झालेली नाहीं. तो केव्हां संपला, कशानें संपला, हें आज कोणासही सांगतां येत नाहीं.

दुसरें कारण आपल्या धारणक्षेत्राचें. इंग्लंडांतील इस्टेट शेंकडों एकरांची असते व पांखरांचा थवा जन्मभर एकाच मालकाच्या जमिनींत राहूं शकतो. आपल्याकडे पांच-सात एकरांचे तुकडे. तितर सकाळीं एकाच्या ज्वारींत चरतो, दुपारीं दुसऱ्याच्या बाभळीखालीं बसतो व रात्रीं तिसऱ्याच्या कुंपणांत निजतो. संमति कोणाची घ्यावयाची आणि लाभ कोणास द्यावयाचा? १९७२ च्या कायद्यांत मालकाच्या संमतीची अट होती खरी, परंतु परवान्याची फी सरकारजमा होत असे. शेतकऱ्याच्या वांट्यास तुडविलेलें पीक तेवढें येई. आज पुन्हां परवाने निघाले तर ते शहरांतल्या हौशी बंदूकवाल्यांच्या खिशांत जातील, बांधावर राबणाऱ्याच्या नव्हे.

तिसरें कारण साधें आहे. आपलीं शेतें माणसांनीं भरलेलीं असतात. निंदणीस बसलेल्या बाया, गुरांमागचीं पोरें, मोटारीच्या पाळीसाठीं पहाटे विहिरीवर गेलेला गडी, यांच्यामधून छऱ्याची बंदूक फिरविणें हा कोणाचाही खेळ होतां कामा नये.

चौथें, रानडुकराच्या अपराधाचें खापर तितराच्या माथीं फोडणें न्याय्य नाहीं. डुक्कर व रोही यांचा उपद्रव खरा आहे, मोठा आहे, आणि त्यावर सरकारनें तांतडीनें व सुटसुटीत उपाय केला पाहिजे हें आम्ही वारंवार लिहिलें आहे व पुढेंही लिहूं. परंतु तितर-लावे उभें पीक लोळवीत नाहींत. ते पेरणीच्या वेळीं थोडें बीं टिपतात, कोंवळे मोड खातात, हें खरें. त्याचबरोबर गळलेले दाणे, तणांचें बीं, नाकतोडे व वाळवी हेंही त्यांचेंच खाद्य आहे. दोन निरनिराळे दावे एकाच अर्जांत घातले कीं बळकट दावाही कमजोर होतो.

असो. पण परवाना नको एवढें म्हणून आम्ही थांबलों, तर वाचक समजतील कीं सध्याच्या बंदीनें सर्व कांहीं ठीक चाललें आहे. तसें नाहीं, आणि आमच्या म्हणण्याचा गाभा येथेंच आहे.

इंग्लंडांतील ज्या पार्ट्रिजचा वर उल्लेख केला, त्याची संख्या गेल्या अर्धशतकाहून थोड्या अधिक काळांत नव्वद टक्क्यांहून जास्त घटली. मोसम तोच, बंदीचा काळ तोच, कायदा पाळणारे शिकारीही तेच. मग झालें काय? ससेक्स परगण्यांत १९६८ पासून शास्त्रज्ञांनीं शेतें, तण, किडे व पांखरें यांची एकत्र पाहणी चालविली, तेव्हां उलगडा झाला. तणनाशकानें गव्हांतलें तण मेलें, तणावर जगणारे किडे गेले, आणि किडे गेल्यामुळें पिलें उपाशीं मेलीं. बंदुकीनें न संपलेलें पांखरूं फवाऱ्यानें संपविलें. आमच्या कोंबडीखालच्या चार पिलांची जी गत झाली तीच तेथें देशभर झाली. यावर तेथें जो उपाय निघाला तोही शेतांतलाच. पिकाच्या कडेचा अरुंद पट्टा फवारणीवांचून सोडावयाचा, आणि शेताच्या मधून गवताचा उंचवटा राखावयाचा. जेथें हें नेटानें झालें तेथें पांखरें पुन्हां वाढलीं.

ही परवान्याच्या देशाची कथा झाली. आतां बंदीच्या देशाची पाहा. माळढोकास १९७२ च्या कायद्यानें अगदीं वरच्या श्रेणीचें संरक्षण मिळालें. १९७९ सालीं सोलापूर व अहमदनगर (आतां अहिल्यानगर) जिल्ह्यांत त्याच्यासाठीं सुमारें ८,४९६ चौरस किलोमीटरांचें अभयारण्य जाहीर झालें. त्यांत गांवेंच्या गांवें, बागाइती, रस्ते, सर्व आलें. शेतकऱ्यांस जमिनीच्या व्यवहारांत अडचणी आल्या, मनें कडवट झालीं, व पुढें तें क्षेत्र घटवून सुमारें १,२२२ चौरस किलोमीटर करावें लागलें. तोंवर माळ नांगराखालीं गेला होता, कालवे आले होते, ऊंस उभा राहिला होता, विजेच्या तारा आल्या होत्या. आज नान्नजच्या माळावर हें पांखरूं जवळजवळ दिसेनासें झालें आहे, व देशभर मिळून दीडशेच्या आसपासच उरलें असावें असा अंदाज आहे. येथें परवाना नव्हता, बंदी होती. तरी पांखरूं गेलें.

दोन्ही कथांचें तात्पर्य एकच. शिकारीचा कायदा माणसाचा हात आवरतो, पांखरास घर देत नाहीं. घर देणें हें ज्याच्या हातीं जमीन आहे त्याच्या हातीं आहे. सभासदांनीं विचारलेल्या प्रश्नास आमचें उत्तर हेंच: पांखरावर आपला अधिकार आहे, परंतु तो मारण्याचा नव्हे. तें राहील कीं जाईल हें ठरविण्याचा आहे, व हा अधिकार कोणत्याही परवान्यापेक्षां मोठा आहे.

हा अधिकार बजावण्यास फार खर्च लागतो असें नाहीं. एक एकराच्या चौरस तुकड्याची एक बाजू सुमारें २०९ फूट भरते. तिच्या कडेनें तीन फुटांचा पट्टा गवताखालीं राखला, तर अर्ध्या गुंठ्याहून थोडी अधिक जमीन अडकते. या पट्ट्यावर तणनाशक मारूं नये. त्यावरचें गवत दसरा होईपर्यंत कापूं नये, म्हणजे पावसाळी वीण पार पडते. कापतांना शेताच्या मधून कडेकडे कापीत यावें, म्हणजे पिलांस कुंपणांत पळण्यास वाट राहते. चैत्र-वैशाखांत बांध पेटविण्याची जी रीत आहे ती सोडावी, कारण त्याच सुमारास तितराची वीण सुरू होते, आणि बांधावरची राख पहिल्या वळवानें वाहूनच जाते. बोरी, बाभळी, घायपात यांचें जुनें कुंपण तोडून तारेचें कुंपण घालण्याआधीं दोनदां विचार करावा. यांत तोटा मुळींच नाहीं असें आम्ही म्हणणार नाहीं. गवताच्या आडोशानें उंदीरही राहतात, व चाऱ्याच्या टंचाईच्या वर्षीं दसऱ्यापर्यंत थांबणें जिवावर येतें. म्हणून सर्व बांध राखा असें न म्हणतां एक बाजू राखा एवढेंच आमचें मागणें आहे.

शेजारधर्म व पाहुणचार यांच्या भिडेनेंही पांखरें जातात. बंदूक घेऊन येणाऱ्या पाहुण्यास, मग तो कितीही मोठा असो, शेतांत घेऊन जाऊं नये. गुन्हा उघडकीस आला तर पाहुणा मोटारींतून निघून जातो व पंचनामा आपल्या सातबाऱ्यावर होतो. राहिला प्रश्न फांसेवाल्यांचा. पिंजऱ्यांत बोलका तितर ठेवून भोंवतीं फांसे मांडण्याची विद्या पारधी समाजांत वडिलोपार्जित आहे. त्यांस हांकून लावणें सोपें आहे, परंतु ज्या समाजास इंग्रज सरकारच्या कायद्यानें जन्मजात गुन्हेगार ठरविलें व १९५२ पर्यंत तो शिक्का पुसला गेला नाहीं, त्याच्या पोटाचा विचार न करतां फक्त जाळें जप्त करणें हें आम्हांस प्रशस्त वाटत नाहीं. तितर कोठें बसतो, कोठें अंडीं घालतो, हें त्यांच्याइतकें कोणास ठाऊक आहे? त्याच माणसांस गांवच्या गायरानाचे व कुरणाचे राखणदार नेमून रोख वेतन द्यावें. आमच्या सहकारी संस्थांनीं यांत पुढाकार घेतल्यास तो खर्च वायां जाणार नाहीं.

सरकारकडेही आमचें मागणें आहे. आजचा कायदा शेतकऱ्यास फक्त भिववितो. अंडें फुटलें तर कैद, पण अंडें राखलें तर कांहींच नाहीं. जो शेतकरी बांधाचा पट्टा किंवा पडीक माळ पांखरांसाठीं राखील, त्यास तेवढ्या क्षेत्राचा ठराविक मोबदला दरसाल मिळावा. माळास 'निरुपयोगी पडीक' म्हणून कागदोपत्रीं नोंदविण्याची प्रथा बंद व्हावी. आणि पिकाच्या नुकसानीच्या अर्जावर लेखी निर्णय पिकें उभीं असतांनाच मिळावा, मळणी झाल्यावर नव्हे. शेतकऱ्यास न्याय वेळेवर मिळाला तर तो आपण होऊन कायद्याचा मित्र होईल.

शेवटीं सभासदांस एक विनंति. शेतांत पहाटे जाणें होतेंच. त्या वेळीं आपल्या शिवारांत तितर किती ठिकाणीं बोलतो हें चैत्रांत एकदां व पाऊस सरल्यावर एकदां मोजून, गांवाच्या नांवासह आमच्याकडे कळवावें. आलेले आंकडे आम्ही याच मासिकांत दरसाल छापूं. पुढच्या वर्षीं परवान्याचा वा बंदीचा विषय कोणीं काढला, तर बोलण्यास निदान आपल्या स्वतःच्या शिवाराची गणती हातीं असेल. आम्हीं आमच्या पूर्वेकडच्या बांधाचें गवत यंदा दसऱ्यापर्यंत राखण्याचें ठरविलें आहे.